एका घर नंबरावर नऊ मुलं

माझ्या खोलीच्या दारावर पितळी पाटी आहे. वर माझं नाव, खाली 'सार्वजनिक वित्त आणि कल्याणाचं अर्थशास्त्र'. महाप्याच्या आमच्या संस्थेत एवढी लांब पाटी दुसऱ्या कुणाची नाही, आणि मला त्याचं थोडं कौतुकही आहे, उगाच कशाला लपवू? ती पाटी रोज सकाळी पुसणारी बाई एक दिवस फडकं हातात धरून दारातच उभी राहिली.

"मॅडम, हजेरी फुगवलेली म्हंजे काय?"

मी वर्गावर जायच्या घाईत होते. मान वर न करता म्हटलं, "म्हणजे जेवढी माणसं आली त्यापेक्षा जास्त लिहिली. खोटी नावं घातली."

"मग माझी लेक खोटी हाय का?"

तेव्हा मी मान वर केली. हाउसकीपिंगचा निळा कोट, कपाळावर घाम, आणि नजर थेट माझ्याकडे. चार वर्षं ही बाई माझी खोली झाडत होती आणि मी तिच्याशी 'पंखा चालू ठेवा' यापलीकडे बोलले नव्हते. तिनं सांगितलं ते असं. घणसोली गावात समाजमंदिराच्या मागे पाळणाघर आहे. सकाळी साडेसहाला उघडतं, म्हणून तिला सातची पाळी करता येते. ते आता हलवणार, असं पत्र आलंय. पाळणाघरातल्या ताईंनी ते सगळ्या आयांना वाचून दाखवलं. त्यात लिहिलं होतं, वस्ती सुस्थितीतली आहे, मुलांची हजेरी फुगवलेली दिसते. आणि हे कुणी लिहिलं त्याचं नाव खाली होतं.

"ह्या पाटीवरचंच नाव. रोज पुसते, पाठ झालंय मला."

माझं काम काय, हे मला घरच्यांनाही कधी धड सांगता आलेलं नाही. सरकारकडे पैसा कुणाकडून येतो, कुणावर खर्च होतो आणि त्यानं कुणाचं भलं होतं, एवढंच ते आहे. यातला पहिला धडा मी दरवर्षी नव्या मुलांना फळ्यावर लिहून देते: कर ज्याच्या नावावर असतो तोच तो भरतो असं समजू नका. दुकानदाराचा कर गिऱ्हाईक भरतं, घरमालकाची घरपट्टी भाडेकरू भरतो. मुलं वहीत उतरवून घेतात. मला वाटायचं, हे मला कळलेलं आहे.

त्या वर्षी एका कार्यालयानं मला पाळणाघरांचं काम दिलं होतं. पैसा मोजका, पाळणाघरं थोडी. कुठली ठेवायची आणि कुठली जास्त गरजेच्या वस्तीत न्यायची, ते सांगा. मी घर नंबरांच्या यादीवरून प्रत्येक वस्तीत कुटुंबं किती ते काढलं, घरांचे मजले पाहिले, त्यावरून गरजेचा क्रम लावला. घणसोली गाव त्यात तळाला गेलं. घरं तीन-चार मजली, टाइल्स लावलेली, आणि एकेका घरात एकच कुटुंब! पाळणाघराच्या हजेरीत मात्र एकाच घर नंबरावर नऊ मुलं. एका घरात नऊ लहान मुलं कशी असतील? मी पेन्सिलीनं समासात लिहिलं, 'हजेरी फुगवलेली दिसते', आणि पुढे अहवालातही ते तसंच गेलं. जागेवरून उठून बघून यावं, असं माझ्या डोक्यातही आलं नाही.

"अहो, बंद नाही करणार," मी तिला म्हटलं. "स्थलांतर आहे. नव्या सेक्टरात नेणार."

"तिथं रिक्षानं जाऊन सातला इथं कशी पोचणार मी?"

मी मनात वेळ जुळवून पाहिली, जुळेना.

"मग माझ्यासाठी बंदच की." तिनं फडकं पिळलं. "नवरा उरणला कंटेनरच्या ट्रकवर हाय, चार-चार दिवस येत नाही. सासू म्हणते, पोरीला गावी धाड, पाचवीपर्यंत सांभाळते. बीडकडं हाय गाव. दोन महिन्यांची मुदत दिलीय पत्रात. तीन वर्षांची हाय ती. पाचवीनंतर आली तर मला आई म्हणंल का?"

मला तिचा राग आला, हे कबूल करते. माझ्या कामात चूक काढायला या बाईला काय कळतं, असा तो राग होता. मी कपाटातून हजेरीची प्रत काढली आणि तिच्यापुढे ठेवली. "हे बघा. एका घर नंबरावर नऊ मुलं. एका घरात नऊ मुलं कशी?"

तिनं कागद पाहिला, मग माझ्याकडे पाहिलं. "घर मोठं हाय मॅडम. सकाळी पाण्याच्या टायमाला या एकदा."

दुसऱ्या दिवशी गेले. मला चूक काढून दाखवणाऱ्याला मी सोडत नाही. एक तर तिची चूक दाखवून येईन, नाही तर माझी घेऊन येईन, असं ठरवूनच निघाले. घणसोली गावातल्या गल्ल्या दोन माणसं शेजारी चालतील एवढ्याच रुंद. वर पाहिलं तर पलीकडच्या टॉवरच्या काचा तुकड्यातुकड्यानं दिसत होत्या, खाली पाण्याचे पाइप पायात येत होते. ते घर हिरव्या टाइल्सचं, चार मजली. दारावर एकच घर नंबर. खाली ओट्यावर घरमालकीण बसली होती, सत्तरीची, लुगडं खोचलेलं, हात पंपाच्या बटनावर. ओट्यापासून गल्लीच्या वळणापर्यंत निळे ड्रम ओळीनं लावलेले होते.

मी नमस्कार केला, ओळख सांगितली, आणि सवयीनं विचारलं, "मावशी, या घरात कुटुंबं किती?"

"एकच. आमचा." तिनं बटनावरचा हात हलवला नाही. "सगले घरातलेच हायत."

जिन्यात आमची हाउसकीपिंगवाली उभी होती, कडेवर मुलगी. तिनं मान खाली घातली. हे वाक्य मला पाठ होतं. मी ते स्वतः म्हटलं होतं.

मी सात वर्षांची होते तेव्हा आम्ही शिरवण्यात राहायचो. वडील औद्योगिक पट्ट्यातल्या एका कारखान्यात, आई वाशीच्या बाजारात कांदे निवडायला. मालकांच्या कौलारू घराच्या मागे ओळीनं खोल्या होत्या, आमची तिसरी. मालकांच्या जमिनी नव्या शहरासाठी गेलेल्या होत्या आणि भरपाईच्या कागदांत परक्याचं नाव घुसेल या धास्तीनं त्यांना झोप नव्हती. म्हणून खोली देतानाच त्यांनी अट घातली होती: कुणी वही घेऊन आलं की म्हणायचं, आम्ही भाडेकरू नाही, घरातलेच, गावाहून पाहुणे आलोय. आईनं मला ते शिकवलं. धाकटी आठ महिन्यांची होती. तिला सांभाळायला कुणी नाही म्हणून त्या वर्षी मी शाळेत गेले नाही. आई बाहेरून कडी लावून जायची आणि मी आत बाळाला घेऊन बसायचे. एक दिवस एक वहीवाला आला, खिडकीतून वाकून म्हणाला, "बाळ, तुम्ही इथंच राहता?" मी खणखणीत आवाजात सांगितलं, "आम्ही घरातलेच, पाहुणे आलोय!" संध्याकाळी आईनं माझ्या पाठीवर थाप मारली. तो माणूस बालवाडी कुठं काढायची ते बघत फिरत होता, हे महिन्याभरानं कळलं. बालवाडी पलीकडच्या गावात निघाली. आमच्या गावात म्हणे लहान मुलं फारशी नव्हती.

दुसरीचं माझं वर्ष त्या खोलीत गेलं. नंतर मी शिकले, परदेशातही जाऊन आले, करांवर पुस्तकं लिहिली. आणि चाळीस वर्षांनी कुणीतरी यादी करणाऱ्याला 'घरातलेच' म्हटलं ते मी अहवालात जसंच्या तसं लिहून मोकळी झाले. दुसऱ्या कुणी ही चूक केली असती तर मी समजून घेतलं असतं. मला ती करायचा काही अधिकार नव्हता.

मावशींनी बटन दाबलं. पंप घरघरला आणि जिन्यावरून बायका खाली आल्या, प्रत्येकीच्या हातात पाइपचा तुकडा. एकेक बाई एकेका ड्रमपाशी उभी राहिली. कुणाच्या ड्रमवर ऑइल पेंटनं आडनाव, कुणाच्या ड्रमला लाल पट्टी, कुणाच्या झाकणाला ओढणीचा तुकडा. एका खोलीला एकच ड्रम, हा मावशींचा आणि गावातल्या सगळ्याच घरमालकांचा नियम, आणि तो मोडायची कुणाची छाती नव्हती. मी ड्रम मोजले. बारा. एक मावशींचा स्वतःचा, बाकीचे अकरा भाडेकरूंचे.

त्या क्षणी मला पुढचं सगळं काम दिसलं.

आधी मी पाळणाघरात गेले आणि तिथल्या ताईंची माफी मागितली. त्यांनी चहा विचारला नाही, खुर्चीही दिली नाही. "एक नाव जास्त लिवलं नाय मी कधी," एवढंच म्हणाल्या. ते मला मिळायलाच हवं होतं. मग पुढचे दोन आठवडे मी रोज पहाटे नेरूळहून निघून घणसोलीच्या गल्ल्यांतून पाण्याच्या वेळेला फिरले आणि ड्रम मोजले. घर नंबर लिहिला नाही, कुणाचं नाव विचारलं नाही. गल्ली आणि ड्रम, बस्स. लोकांना वाटलं बाईचं डोकं फिरलंय. एकानं विचारलं, ड्रमवर टॅक्स लावताय का? मी म्हटलं, टॅक्स तुम्ही आधीच भरताय, तो परत मिळतो का ते बघतेय. तो हसला आणि त्यानं मला पलीकडची, मला न दिसलेली गल्ली दाखवली.

हे घेऊन मी काम देणाऱ्या त्या कार्यालयात गेले. तिथले साहेब सभ्य माणूस, निवृत्तीला आलेले, टेबलावर फायलींची चळत.

"मॅडम, तुमचाच अहवाल तुम्हीच खोटा ठरवणार?"

"हो."

"वर काय सांगू मी?"

"सांगा, बाईनं चूक केली. लेखी देते."

त्यांनी माझे कागद उलटसुलट केले. "ड्रमवर कुठं योजना चालते का? घर नंबर हा अधिकृत आकडा आहे. उद्या मला कुणी विचारलं, तर ड्रमची सही घेऊ का मी?"

"मग या आणि डोळ्यांनी बघा."

"येतो," ते म्हणाले. "पण एका तरी माणसानं तोंडानं सांगितलं पाहिजे की मी इथं भाडेकरू आहे. तेवढं नसेल तर माझा हात चालणार नाही."

आता सगळं त्या एका वाक्यावर आलं होतं, आणि ते वाक्य म्हणायला या गावात कुणी तयार होणार नाही हे माझ्याइतकं कुणाला माहीत होतं? मी मावशींकडे गेले, ओट्यावर बसले आणि शिरवण्याची गोष्ट सांगितली. त्यांनी नीट ऐकली.

"कोनाच्या खोलीत होतीस गो?"

मी सांगितलं. त्यांच्या लांबच्या नात्यातले निघाले. मग त्याही बोलल्या. जमीन गेली, मिठागर गेलं, पोरांसाठी मजले चढवले ते गरजेपोटी, आणि ते अजून कागदावर कायम झालेले नाहीत. उद्या कुणी म्हणालं, हे घर राहायचं नाही, धंद्याचं आहे, तर? "ऱ्हायलंय काय आमचं? ह्येच घर हाय."

मी त्यांना माझा फळ्यावरचा धडा सांगितला. घरपट्टी तुमच्या नावावर, पण ती येते या अकरा खोल्यांच्या भाड्यातून. म्हणजे भरतात ती अकरा कुटुंबं, आणि पाळणाघर वाटायच्या वेळी मोजलं जातं तुमचं एकच.

"मना हिसाब शिकवतेस?" मावशी म्हणाल्या, आणि उठून मासे साफ करायला आत गेल्या. मी ओट्यावर एकटी बसून राहिले.

हाउसकीपिंगवालीला मी काय बोलायचं ते सांगितलं नाही. साहेब येणार आहेत, ते काय विचारणार आहेत, एवढंच कानावर घातलं. बोल म्हणायचा हक्क मला नव्हता. खोली गेली असती तर तिची गेली असती, माझा नेरूळचा फ्लॅट कुठं जाणार होता? तिनं पाटी पुसली, पंखा चालू ठेवला आणि गेली.

ठरल्या दिवशी साहेब आले, पाण्याच्या वेळेला, हातात फॉर्म. ओट्यावर मावशी, बटनावर हात.

"कुटुंबं किती राहतात आजी?"

"एकच."

"मग हे ड्रम?"

"आमाना पानी जास्त लागते."

साहेबांनी माझ्याकडे पाहिलं आणि पेनाचं टोपण लावलं. त्यांनाही वाईट वाटलं असावं, पण ते टोपण लागलं. तेवढ्यात जिन्यावर चपला वाजल्या. ती खाली आली, निळा कोट अंगात, मुलगी कडेवर, शाळेच्या मुलांसारखी ताठ.

"साहेब, मी भाडेकरू हाय. तिसरा मजला, जिन्यासमोरची खोली. हा लाल पट्टीचा ड्रम माझा."

वरच्या मजल्यांवरच्या बायका कठड्याला टेकून बघत होत्या. साहेबांनी टोपण परत काढलं. "कधीपासून?"

"पाच वर्षं. ही इथंच झाली." तिनं मुलीला कडेवर वर सरकवलं. "पाळणाघर गेलं तर हिला गावी धाडावं लागंल. मग खोली ठेवून करू काय मी?"

साहेब मावशींकडे वळले. "आजी, खोटं बोलतेय का ही?"

मावशींनी त्या मुलीकडे पाहिलं. मुलीनं त्यांच्याकडे हात केले, रोजच्या सवयीनं. संध्याकाळी आई येईपर्यंत ती याच ओट्यावर खेळायची, हे मला नंतर कळलं. मावशींनी तिला घेतलं नाही, पण हात बटनावरून काढला.

"नाय," त्या म्हणाल्या. "खोटं नाय बोलत." मग साहेबांवर चिडल्यासारखं, मोठ्यानं: "लिव. अकरा खोल्या हायत. आमचा धरून बारा. पन घर नंबर नको लिवूस."

"नाही लिहीत," साहेब म्हणाले, आणि माझ्यासमोर, त्या ओट्यावर वाकून त्यांनी बारा आकडा लिहिला. वरून दुसरी बाई उतरली, तिच्यामागे तिसरी. आपापला ड्रम दाखवून त्या बाजूला उभ्या राहिल्या. तासाभरात शेजारच्या घरातूनही दोघी आल्या.

साहेब गेल्यावर हाउसकीपिंगवाली मावशींपुढे उभी राहिली. "मावशी, खोली खाली करू का?"

"आदी ड्रम भर," मावशी म्हणाल्या. "पानी जाईल."

तीन आठवड्यांनी पत्र आलं: पाळणाघर आहे तिथंच चालू ठेवावं. मी हजेरीची तीच प्रत काढली, समासातली माझी ओळ खोडली, खाली 'हजेरी बरोबर आहे' असं पेनानं लिहून सही केली आणि ती प्रत ताईंना नेऊन दिली. या खेपेला त्यांनी चहा दिला. बाकीच्या गावठाणांचं काय, हा प्रश्न उरलाच होता, आणि तो मी सोडणार नव्हते. तिथं मी अजून पहाटे ड्रम मोजत फिरते. विद्यार्थ्यांनाही नेते, पहिल्या दिवशी ते तोंड वाकडं करतात, दुसऱ्या दिवशी माझ्या आधी पोचतात.

आई माझ्याकडेच असते, नेरूळला. ऐंशी झाली, गुडघे गेले, कान चांगले आहेत. मी हे सगळं तिला सांगितलं त्या संध्याकाळी ती खिडकीशी बसून लसूण सोलत होती. कांद्या-लसणाचा हात अजून तसाच आहे तिचा.

"खरं सांगितलं तिनं? वहीवाल्याला? मालकिणीच्या तोंडावर?"

"हो."

"आणि काढलं नाही खोलीतून?"

"नाही."

तिनं हातातली पाकळी सोलून ताटात टाकली. मग तिनं ताट बाजूला ठेवलं, माझा हात घेतला आणि तिच्या लसणाच्या वासाच्या हातात धरून ठेवला.

"म्हणजे मलाही सांगता आलं असतं गं," ती म्हणाली. "तुझं वर्ष वाचलं असतं."